कृष्णविवर गिळतं, मग झोत फेकतं कोण?

(या भागाचं शब्दांकन. ऐकताना आकडे निसटतात, म्हणून ते इथे नीट लिहून दिलेत. बाकी बोलणं जवळपास तसंच ठेवलंय.)



कृष्णविवरांचा विषय निघाला की एक प्रश्न हमखास येतो. "तुम्ही म्हणता त्यातून प्रकाशसुद्धा सुटत नाही. आणि त्याच दमात सांगता की त्यातून हजारो प्रकाशवर्षं लांब झोत निघतो. दोन्ही एकदम खरं कसं?" प्रश्न रास्त आहे. बऱ्याच व्हिडिओंमध्ये हा झोत नुसता दाखवतात, पार्श्वभूमीला गंभीर संगीत लावतात आणि पुढे जातात. आज आपण पुढे जायचं नाही. इथेच थांबायचं.

उत्तर आधी सांगून टाकतो. झोत कृष्णविवराच्या आतून येत नाही, त्याच्या अगदी जवळून, पण बाहेरून निघतो. त्याला लागणारी ऊर्जा मात्र कृष्णविवराच्या स्वतःभोवती फिरण्यातून येते. आणि ती ऊर्जा काढून बाहेर पोचवणारा दलाल म्हणजे चुंबकीय क्षेत्र.

एवढं तीन वाक्यांत संपलं, पण पटलं का? नाही पटणार. कारण यातल्या प्रत्येक वाक्यामागे एक यंत्रणा आहे. त्या यंत्रणेचं भारदस्त नाव आहे सापेक्षतावादी चुंबकीय द्रवगतिकी. घाबरू नका. आपण एकच उदाहरण हातात धरू आणि एकेक पदर सोडवू.

ती सरळ रेघ

उदाहरण आहे एम-८७ नावाच्या दीर्घिकेचं. कन्या तारकासमूहाच्या दिशेला, आपल्यापासून साधारण साडेपाच कोटी प्रकाशवर्षं दूर. १९१८ साली कॅलिफोर्नियातल्या लिक वेधशाळेत हेबर कर्टिस या खगोलशास्त्रज्ञाला तिच्या फोटोत एक विचित्र गोष्ट दिसली. मधल्या धूसर गोळ्यातून एक बारीक, सरळ रेघ बाहेर आली होती. त्या काळी असे धूसर गोळे आपल्याच आकाशगंगेतले की तिच्या बाहेरचे, यावरच वाद चालू होता. त्यामुळे ती रेघ काय आहे हे कुणाला कळणार? कर्टिसनी नोंद केली आणि पुढच्या कामाला लागले.

आज आपल्याला माहीत आहे की त्या रेघेची लांबी सुमारे ५००० प्रकाशवर्षं आहे. तिच्या मुळाशी एक कृष्णविवर आहे, वस्तुमान सुमारे ६५० कोटी सूर्यांइतकं. होय, तेच ते. १० एप्रिल २०१९ ला जगाला ज्याचा पहिला फोटो दाखवला, नारिंगी मेदूवड्यासारखा, ते हेच कृष्णविवर.

आता प्रमाण बघा. एवढ्या वस्तुमानाच्या, न फिरणाऱ्या कृष्णविवराची त्रिज्या काढली तर ती येते सुमारे १९०० कोटी किलोमीटर. प्रकाशाला तेवढं जायला साधारण १८ तास लागतात. आणि झोत ५००० वर्षांचा! म्हणजे झोताची लांबी त्रिज्येच्या जवळपास २५ लाख पट. कृष्णविवर दोन मिलिमीटर जाडीचा बाजरीचा दाणा धरला, तर झोत होतो अडीच किलोमीटर लांब. आणि तेवढ्या अंतरात तो फार विस्कटतही नाही. बागेतल्या पाइपचं पाणी दहा फुटांवर फिसकारतं, इथे मात्र सरळ रेघ.

तर आपल्याला दोन गोष्टी हव्यात. एक, एवढा जोर कुठून येतो? दोन, तो एवढा आवळलेला कसा राहतो?

द्रव कशाला म्हणायचं?

कृष्णविवराभोवती फिरणारा वायू इतका तापलेला असतो की त्यातले इलेक्ट्रॉन अणूंपासून सुटे होतात. याला प्लाझ्मा म्हणतात. सगळे कण विद्युतभारित.

मग त्याला द्रव का म्हणायचं? तर गर्दीच्या वेळी दादरचा पूल आठवा. त्या गर्दीचा अंदाज बांधायला प्रत्येक माणसाचं नाव, गाव, ऑफिस माहीत असायची गरज नसते. कुठे किती दाटी आहे, कुठल्या बाजूला सरकतेय, किती रेटा आहे, एवढं कळलं तरी पुढच्या दोन मिनिटांत काय होईल ते सांगता येतं. द्रवगतिकी हेच करते. कण मोजायचे नाहीत. घनता, वेग आणि दाब मोजायचा. आणि हिशेब तीनच गोष्टींचा ठेवायचा: पदार्थ किती, संवेग किती, ऊर्जा किती. आली किती, गेली किती, उरली किती. किराणा दुकानाच्या वहीसारखं.

एक सूचना. रीलमध्ये चुंबक जवळ नेला की काटे उभे राहणारं ते काळं द्रव पाहिलं असेल. ते फेरोफ्लुइड. तेलात लोखंडाच्या संयुगाचे अतिसूक्ष्म कण घालून बनवतात. आजचा विषय तो नाही. आपला चुंबकीय द्रव म्हणजे वीज वाहून नेणारा प्लाझ्मा.

आइन्स्टाइन आले की वही बदलते

आपल्या नळातल्या पाण्याला न्यूटनचे नियम पुरतात. पण द्रव प्रकाशाच्या ९०-९५ टक्के वेगाने जायला लागला, किंवा त्याचा दाब प्रचंड झाला, की हिशेबाची वही बदलावी लागते. तीन बदल महत्त्वाचे.

पहिला: दाबालाही जडत्व असतं. ऊर्जा आणि वस्तुमान एकाच नाण्याच्या दोन बाजू, हे तर सगळ्यांनी ऐकलंय. द्रवाच्या बाबतीत त्याचा अर्थ असा की वायू जितका तापलेला, जितका दाबलेला, तितका तो ढकलायला जड. आपल्या खोलीतल्या हवेत दाबाचा हा वाटा एक लाख कोटींत एक भाग एवढा नगण्य असतो, म्हणून आपण तो विसरतो. झोताच्या मुळाशी विसरता येत नाही.

दुसरा: प्रत्येक गोष्टीला प्रकाशाच्या वेगाची मर्यादा. अतितप्त वायूत आवाज जास्तीत जास्त प्रकाशवेगाच्या ५८ टक्क्यांनी जाऊ शकतो, त्याहून नाही. म्हणजे द्रवाच्या एका टोकाला काही घडलं तर दुसऱ्या टोकाला ते कळायला ठरावीक वेळ लागणारच.

तिसरा बदल सगळ्यात त्रासदायक: "घनता किती?" या प्रश्नाला एकच उत्तर उरत नाही. द्रवासोबत वाहणाऱ्याला जी घनता दिसते, ती बाहेर उभं राहून बघणाऱ्याला दिसत नाही, कारण वेगामुळे लांबी आकसते. घनता, वेग, दाब, ऊर्जा सगळं एकमेकांत गुंतून जातं. साध्या पाण्याच्या गणितात संवेगाला वस्तुमानाने भागलं की वेग मिळतो, काम संपलं. इथे वेग काढायला दाब लागतो, दाब काढायला वेग लागतो. त्यामुळे संगणकाला प्रत्येक ठिकाणी, प्रत्येक क्षणी अंदाज घेत घेत उत्तराकडे सरकावं लागतं. कधीकधी उत्तर सापडतच नाही आणि अख्खा प्रोग्राम कोसळतो. या क्षेत्रात काम करणाऱ्यांच्या डोकेदुखीत ही गोष्ट फार वर आहे.

हा प्रांत किती निसरडा आहे त्याचं एक उदाहरण. द्रवाला थोडा चिकटपणा असतो, मध आणि पाण्यातला फरक म्हणजे तोच. हा चिकटपणा सापेक्षतेच्या गणितात बसवायचा पहिला गाजलेला प्रयत्न कार्ल एकार्ट यांनी १९४० साली केला. दिसायला समीकरणं सरळ होती. पण त्यात उष्णतेचा संदेश प्रकाशापेक्षा वेगाने पोचू शकत होता. आणि १९८५ साली हिसकॉक आणि लिंडब्लोम यांनी दाखवलं की या समीकरणांत अगदी शांत पडलेला द्रवसुद्धा आपोआप बिथरतो. चिकटपणाला जरा उशिरा प्रतिसाद द्यायला लावलं की हा घोळ मिटतो, हा मार्ग इस्राएल आणि स्टुअर्ट यांनी १९७० च्या दशकात मांडलेला होता. आज प्रयोगशाळेत अणुकेंद्रं एकमेकांवर आपटून जो क्वार्क-ग्लुऑनचा द्रव तयार करतात, त्याच्या गणितात हीच पद्धत वापरली जाते. ताऱ्यांसाठी विचारलेला प्रश्न अणूच्या पोटात उपयोगी पडला.

शेवयांची खीर

आता चुंबक आणू. १९४२ साली स्वीडनच्या हान्नेस आल्फव्हेन यांनी एक छोटा लेख लिहिला. त्यांचं म्हणणं होतं की वीज उत्तम वाहून नेणारा द्रव आणि चुंबकीय क्षेत्र हे एकमेकांना चिकटून राहतात. द्रव हलला की बलरेषा हलतात. बलरेषा ताणल्या की द्रव ओढला जातो. शिवाय त्या बलरेषांवरून लाटाही धावतात. आज आपण त्यांना आल्फव्हेन लाटा म्हणतो. सुरुवातीला फार कुणी हे मनावर घेतलं नाही. १९७० साली मात्र त्यांना याच विषयासाठी नोबेल मिळालं.

डोळ्यांपुढे शेवयांची खीर आणा. दूध म्हणजे प्लाझ्मा, शेवया म्हणजे बलरेषा. डाव फिरवला की दुधाबरोबर शेवयाही गोल फिरतात. फरक दोन. एक, या शेवया रबरासारख्या आहेत. ताणल्या की परत आकसायला बघतात. दोन, जितक्या जास्त ताणाल, पिळाल, तितकं क्षेत्र जोरकस होतं. म्हणजे द्रव आपली हालचाल चुंबकाच्या खात्यात जमा करतो, आणि चुंबक ती नंतर व्याजासकट परत करू शकतो.

सापेक्षतेचा बदल इथेही लागू होतो. जुन्या सूत्राप्रमाणे क्षेत्र जोरदार आणि प्लाझ्मा विरळ असला की आल्फव्हेन लाटेचा वेग प्रकाशाच्याही पुढे जातो. तसं होऊ शकत नाही. कारण चुंबकीय क्षेत्रातही ऊर्जा असते, म्हणजे त्यालाही जडत्व असतं. ते धरलं की वेग मुकाट्याने मर्यादेत येतो. झोताच्या मुळाशी तर अशी परिस्थिती असते की क्षेत्राचं जडत्व प्लाझ्माच्या वस्तुमानापेक्षा जास्त भरतं. तिथे क्षेत्र मालक, द्रव नोकर.

आधी पडायचं कसं, हा प्रश्न

कृष्णविवर सगळं ओढून घेतं, हा समज अर्धाच खरा आहे. पृथ्वी सूर्याभोवती फिरते, सूर्यात पडत नाही. तसंच कृष्णविवराभोवतीचा वायू तबकडीसारखा गोल फिरत राहतो. आत पडायचं तर त्याला आपलं फिरणं, म्हणजे कोनीय संवेग, दुसऱ्या कुणाला तरी देऊन टाकावा लागतो. पण कुणाला? वायूचं नेहमीचं घर्षण इतकं कमी असतं की त्याच्या भरवशावर बसलं तर विश्वाचं वय पुरणार नाही.

हे कोडं १९९१ साली स्टीव्हन बालबस आणि जॉन हॉली यांनी सोडवलं. वायूच्या दोन गोळ्यांमध्ये एक बलरेषा, म्हणजे एक रबर बांधलंय असं समजा. आतला गोळा वेगाने फिरतो, बाहेरचा हळू. रबर ताणलं जातं. ते आतल्याला मागे ओढतं आणि बाहेरच्याला पुढे. मागे ओढलेला आतला गोळा कोनीय संवेग गमावतो आणि आणखी आत घसरतो. आत गेला की त्याचा वेग आणखी वाढतो, रबर आणखी ताणतं. झालं! जरासं क्षेत्रसुद्धा अख्ख्या तबकडीत खळबळ माजवायला पुरतं.

गंमत म्हणजे ही अस्थिरता गणितात आधीच सापडली होती. १९५९ मध्ये रशियाचे वेलिखोव्ह आणि १९६० मध्ये आपले सुब्रह्मण्यन चंद्रशेखर यांनी ती फिरत्या नळकांड्यांमधल्या द्रवासाठी काढून ठेवली होती. तिचा कृष्णविवरांच्या तबकडीशी संबंध लागायला तीस वर्षं गेली.

म्हणजे लक्षात घ्या, चुंबक दोन्ही कामं करतो. खायला घालणाराही तोच, आणि आता बघा, फेकणाराही तोच.

दलाल काम कसं करतो?

फिरणारं कृष्णविवर आपल्याभोवतीचा अवकाशच ओढत नेतं. क्षितिजाच्या बाहेर एक पट्टा असा असतो की तिथे कितीही जोर लावला तरी स्थिर उभं राहता येत नाही, फिरावंच लागतं. या पट्ट्याला एर्गोस्फिअर म्हणतात. पण हा पट्टा क्षितिजाबाहेर आहे, म्हणून इथून बाहेर पडता येतं. सगळी मेख इथे आहे.

१९७७ साली रॉजर ब्लँडफोर्ड आणि रोमन झ्नायेक यांनी विचारलं: या पट्ट्यातून बलरेषा जात असतील तर? एक टोक कृष्णविवराकडे, दुसरं दूर बाहेर. आतलं टोक जबरदस्तीने फिरवलं जातंय, बाहेरचं मागे राहतंय. मग दोरीला जसा पीळ बसतो, तसा बलरेषेला बसतो. एकावर एक पीळ. आणि हा पीळ लाटेच्या रूपात बाहेर सरकत जातो, ऊर्जा घेऊन.

आपल्या दोन्ही प्रश्नांची उत्तरं या पिळात आहेत. पिळलेल्या क्षेत्राचा दाब प्लाझ्माला पुढे रेटतो, हा झाला जोर. आणि गोल गुंडाळलेल्या बलरेषा रबरबँडसारख्या आत आवळतात, म्हणून झोत सरळ राहायला मदत होते. बाहेरून तबकडीतून निघणाऱ्या वाऱ्याचाही आधार मिळतो.

पण ऊर्जा विवराने दिली कशी, आतून तर काही येत नाही? तर विवर देत नाही, ते उधारी गिळतं. एर्गोस्फिअरमध्ये अशी स्थिती शक्य असते की आत जाणाऱ्या प्रवाहाची ऊर्जा, दूरवरून हिशेब केला तर, ऋण भरते. ते गिळलं की विवराच्या खात्यातली ऊर्जा आणि फिरणं कमी होतं, आणि तेवढीच धन ऊर्जा बाहेर गेलेली असते. क्षितिज कुणीही उलटं ओलांडलेलं नाही. वही जुळते.

साठा किती? कमाल वेगाने फिरणाऱ्या कृष्णविवराच्या वस्तुमानापैकी २९ टक्क्यांपर्यंत ऊर्जा अशी फिरण्यात साठवलेली असू शकते. तुलनेला, सूर्यात हायड्रोजनचं हेलियम होताना वस्तुमानाच्या फक्त ०.७ टक्के ऊर्जा सुटते. एम-८७ च्या झोताची शक्ती, अगदी कमीत कमी अंदाज धरला तरी, २५ कोटी सूर्यांइतकी भरते.

आणि एक निकाल तर मला फार आवडतो. २०११ साली चेखोव्स्कॉय, रमेश नारायण आणि मॅकिनी यांनी संगणकावर एक वेगाने फिरणारं कृष्णविवर आणि भरपूर चुंबकीय क्षेत्र घेतलं. जेवढं वस्तुमान आत पडलं, त्याची आइन्स्टाइनच्या सूत्राने होणारी पूर्ण ऊर्जा म्हणजे १०० टक्के धरा. बाहेर आली सुमारे १४० टक्के. खाल्लं त्यापेक्षा जास्त बाहेर! म्हणजे जास्तीची रक्कम खाण्यातून आलेली नाही, विवराच्या फिरण्याच्या साठ्यातून आली.

पुरावा काय?

इथवर सगळं कागदावर आणि संगणकावर. आता आकाशाकडे जाऊ, कारण खरी कसोटी तिथे आहे.

दोन शक्यता होत्या. एक, तबकडीतलं क्षेत्र कमकुवत आहे, वायूबरोबर भरकटतं. दुसरी, आत वाहून आलेलं क्षेत्र विवरापाशी साचत साचत इतकं वाढतं की धरणाच्या भिंतीसारखं येणाऱ्या वायूला अडवून धरतं आणि वायू झिरपत झिरपत आत जातो. दुसऱ्या चित्राचा पाठपुरावा २००३ साली नारायण, इगुमेन्शेव्ह आणि अब्रामोविच यांनी केला होता. ताकदवान झोतासाठी हे दुसरं चित्र लागतं. पण खरं कुठलं?

मार्च २०२१ मध्ये इव्हेंट होरायझन टेलिस्कोपच्या गटाने त्याच मेदूवड्याचा नवा फोटो दिला. यावेळी प्रकाशाचं ध्रुवीकरण दाखवलं होतं, म्हणजे प्रकाशलहरी कुठल्या दिशेला डोलतायत ते. ही दिशा चुंबकीय क्षेत्राने ठरते. फोटोत भोवऱ्यासारख्या रेषा दिसल्या. त्यावरून क्षेत्राची ताकद निघाली १ ते ३० गॉस. पृथ्वीचं क्षेत्र साधारण अर्धा गॉस, फ्रिजवर चिकटवायचा चुंबक पन्नास-शंभर गॉस. म्हणजे फ्रिजच्या चुंबकाहूनही कमी! पण हे क्षेत्र हजारो कोटी किलोमीटरभर पसरलंय आणि तिथला प्लाझ्मा अतिशय विरळ आहे, म्हणून ते भारी पडतं. फोटोशी जुळणारी जी मॉडेल्स शेवटी उरली, ती अडवून धरणाऱ्या क्षेत्राच्या बाजूची होती.

त्याच कामातून आणखी एक आकडा आला. हे विवर वर्षाला सूर्याच्या दहा हजारांश भागाच्या ३ ते २० पट एवढंच खातं. म्हणजे चार दिवसांत एक पृथ्वी, ते दिवसाला जवळपास दोन पृथ्व्या. आपल्याला भयंकर वाटेल, पण ६५० कोटी सूर्यांच्या देहाला हा उपासच आहे. उपाशी विवर आणि एवढा दांडगा झोत, या जोडीला चुंबकाशिवाय उत्तर मिळणं अवघड आहे.

मग एप्रिल २०२३ मध्ये कृष्णविवराभोवतीचं कडं आणि झोताचं मूळ पहिल्यांदा एकाच फोटोत दिसलं. आणि सप्टेंबर २०२३ मध्ये, २००० ते २०२२ अशा २२ वर्षांच्या निरीक्षणांवरून एका आंतरराष्ट्रीय गटाने दाखवलं की झोताची दिशा सुमारे ११ वर्षांच्या चक्राने डोलते. तबकडी आणि विवर यांचे फिरण्याचे आस तिरके असतील तर असं होईल. म्हणजे विवर फिरतंय याची ही एक ठोस खूण.

प्रकाशापेक्षा वेगवान?

आता एक फसवी गोष्ट. हबल दुर्बिणीने १९९० च्या दशकात या झोतातल्या गाठी वर्षानुवर्षं टिपल्या. काही गाठी प्रकाशाच्या सहापट वेगाने सरकताना दिसल्या! आइन्स्टाइन चुकले? नाही. पॉज करून कागद घ्या, आपण हिशेब करू.

एक गाठ प्रकाशाच्या ९८ टक्के वेगाने जवळजवळ आपल्याच दिशेने येतेय, किंचित तिरकी. दहा वर्षांत ती आपल्याकडे ९.६ प्रकाशवर्षं सरकली आणि आडवी सुमारे २ प्रकाशवर्षं. सुरुवातीला सोडलेला प्रकाश दहा वर्षांत दहा प्रकाशवर्षं पुढे आला. शेवटी सोडलेला प्रकाश मात्र ९.६ प्रकाशवर्षं पुढूनच निघाला. म्हणजे दोन्ही प्रकाश आपल्यापर्यंत पोचतात ते फक्त ०.४ वर्षाच्या अंतराने. आपल्याला दिसतं काय? ०.४ वर्षात आडवी २ प्रकाशवर्षं. भागा. पाचपट वेग! गाठीने नियम मोडलेला नाही. तिने आपल्याच प्रकाशाचा पाठलाग केला, एवढंच.

यातून हेही कळतं की झोत बराचसा आपल्या दिशेने रोखलेला आहे. असा झोत आपल्याकडे जास्त उजळ दिसतो आणि उलट दिशेने जाणारा मंद. म्हणून कर्टिसना एकच रेघ दिसली. दुसरी आहे, पण तिचा प्रकाश आपल्याकडे पाठ फिरवून जातो.

कुठे कुठे हात टेकावे लागतात

हे सगळं ऐकून वाटेल की प्रश्न सुटला. तसं नाही, आणि हा भाग मला मुद्दाम सांगायचाय.

२०१९ च्या फोटोशी तुलना करायला ४३ मोठी संगणकीय प्रारूपं आणि त्यातून ६० हजारांहून जास्त नकली फोटो तयार केले होते. त्या प्रारूपांत प्रत्येक चौकटीत आठ राशी मोजतात: घनता, उष्णतेची ऊर्जा, वेगाचे तीन घटक आणि क्षेत्राचे तीन. पण झोताच्या गाभ्यात प्लाझ्मा इतका विरळ होतो की गणित फाटतं. मग प्रोग्राम घनतेला एक किमान मर्यादा घालतो आणि तिथे थोडा पदार्थ चक्क स्वतःहून टाकतो. म्हणजे ज्या झोताबद्दल आपण एवढं बोलतोय, नेमक्या त्याच्याच पोटातला पदार्थ काही अंशी माणसाने भरलेला असतो. झोताची ऊर्जा क्षेत्रात असल्यामुळे तिचा हिशेब बराच टिकतो, पण झोत नेमका कशाचा बनलाय, प्रोटॉन-इलेक्ट्रॉनचा की इलेक्ट्रॉन-पॉझिट्रॉनचा, याचं उत्तर या प्रारूपांतून मिळत नाही.

दुसरी अडचण आणखी मुळातली. द्रव म्हणायचं तर कणांची आपसात टक्कर व्हायला हवी. एम-८७ च्या विवराजवळ प्लाझ्मा इतका विरळ आहे की कण टक्कर न होताच अख्खा परिसर पार करू शकतो. मग दादरच्या पुलाची उपमा कोसळते की! वाचवतं ते पुन्हा चुंबकीय क्षेत्रच. प्रत्येक कण बलरेषेभोवती छोट्याशा वेटोळ्यात फिरतो, त्यामुळे तो आडवा भरकटत नाही आणि घोळका घोळक्यासारखा वागतो. पण बलरेषेच्या लांबीच्या दिशेने हा युक्तिवाद ढिला पडतो. शिवाय टक्कर नसल्यामुळे इलेक्ट्रॉन आणि प्रोटॉन यांचं तापमानही एक राहत नाही. आपल्याला दिसणारा रेडिओ प्रकाश इलेक्ट्रॉनांचा, आणि प्रारूपातलं वजन प्रोटॉनांचं. मधला दुवा एका ठोकताळ्याने जोडतात. म्हणून आता काही गट द्रव सोडून थेट कण मोजणारी प्रारूपं चालवतायत. ती फार महाग पडतात, पण द्रवाचं गणित कुठपर्यंत चालतं हे तपासायला तीच लागतील.

आपल्याला काय त्याचं?

रास्त प्रश्न. एम-८७ भोवती अतितप्त वायूचा मोठा ढग आहे. तो हळूहळू थंड व्हायला हवा, खाली बसायला हवा आणि त्यातून भराभर नवे तारे जन्मायला हवेत. तसं होत नाही. झोत आपली ऊर्जा त्या वायूत ओततो आणि त्याला गरम ठेवतो. म्हणजे दाण्याएवढं विवर अख्ख्या दीर्घिकेत किती तारे जन्मतील यावर लगाम ठेवतं. दीर्घिका अशा का दिसतात, याचा एक धागा त्या पिळलेल्या बलरेषांपर्यंत जातो.

असे झोत शेवटी जिथे विसावतात, तिथे लाखो प्रकाशवर्षं पसरलेले रेडिओ ढग तयार होतात. त्यातले म्हातारे, दमलेले इलेक्ट्रॉन कमी वारंवारतेच्या रेडिओ लहरींतच दिसतात. आणि त्या लहरी टिपणाऱ्या जगातल्या उत्तम दुर्बिणींपैकी एक आपल्या नारायणगावजवळ खोडदला आहे. जीएमआरटी, ४५ मीटर व्यासाच्या ३० तबकड्या. पुणे-नाशिक रस्त्याने जाताना त्यातल्या काही दिसतात. दूरच्या दीर्घिकांमधल्या अशा विझत चाललेल्या ढगांचा अभ्यास तिथे नियमित चालतो.

तुम्हाला स्वतः बघायचं असेल तर एप्रिल-मे महिन्यात, अंधार असलेल्या गावी, रात्री नऊ-दहाला आकाश बघा. उत्तरा फाल्गुनीचा तारा शोधा. तिथून पूर्वेला कन्या समूहातल्या व्हिंडेमिएट्रिक्स या ताऱ्याकडे रेघ मारली की साधारण अर्ध्या वाटेवर एम-८७ आहे. नुसत्या डोळ्यांना दिसणार नाही, पण छोट्या दुर्बिणीतून धुक्याच्या ठिपक्यासारखी दिसते. झोत दिसणार नाही, तेवढी अपेक्षा ठेवू नका. तो तिथे आहे एवढं मात्र आता तुम्हाला माहीत आहे, आणि तो कोण फेकतं हेही.

काही अडलं असेल तर विचारा, पाचपट वेगाच्या हिशेबात तर नक्की कुणीतरी अडणार. पुढच्या भागात भेटू. तोवर नमस्कार!